आरोग्य खात्यातल्या बदल्या आणि कोर्टकचेरी: सिस्टर, डॉक्टर, फार्मासिस्ट सगळे मला विचारतात ते प्रश्न

मी वकील नाही हे आधीच सांगते. अधिपरिचारिका म्हणून नोकरी केली, संघटनेचं काम केलं, स्वतःच्या बदलीविरुद्ध दोनदा मॅटची, म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाची, पायरी चढले, एकदा हरले एकदा जिंकले. एप्रिल उजाडला की माझा फोन वाजायला लागतो आणि प्रश्न तेच तेच असतात, म्हणून एकदाच सगळं लिहून ठेवतेय. हे महाराष्ट्रापुरतंच आहे, बाकी राज्यांचे कायदे वेगळे.

ऑर्डर आत्ताच व्हॉट्सॲपवर आली, सगळ्यात आधी काय करू?

रडून घ्या, पाच मिनिटं. मग ऑर्डरची प्रिंट काढा आणि तीन गोष्टींवर पेनाने गोल करा: ऑर्डरची तारीख, ऑर्डरमध्ये कलम कोणतं लिहिलंय, आणि तुमच्या जागी कोण येतंय. त्यानंतर सेवापुस्तकात बघा की या जागेवर तुम्ही नेमके कधी रुजू झालात. या चार गोष्टींवर तुमची अर्धी केस ठरते. मुलाची दहावी, सासूबाईंचं डायलिसिस, घराचं कर्ज हे सगळं खरं असतं हो, पण ते नंतर.

आणि त्याच दिवशी निवेदन द्या. नुसतं साहेबांच्या टेबलावर ठेवून येऊ नका, आवक शाखेत द्या, आवक नंबर आणि शिक्क्यासकट पोच घ्या. पोच नसेल तर ते निवेदन तुम्ही दिलंच नव्हतं असं समजा.

बदली झाली म्हणजे अन्यायच झाला, कोर्टात गेलं की स्टे मिळतोच ना?

नाही. बदली हा नोकरीचाच भाग आहे, अमुक एका जागी राहायचा हक्क कुणाला नाही, हे सुप्रीम कोर्टाने कितीतरी वेळा सांगितलंय. १९९१ च्या शिल्पी बोस केसमध्ये तर असंही म्हटलंय की बदलीत नुसतं कार्यकारी सूचना डावलल्या गेल्या म्हणून कोर्टाने सहसा हात घालू नये, बिचाऱ्याने खात्यातच वरच्या साहेबाकडे दाद मागावी. कोर्ट मध्ये पडतं ते ठरावीक कारणांसाठी. कायद्यातली तरतूद मोडली, अधिकार नसलेल्या माणसाने सही केली, आकसाने केली, किंवा बदलीच्या नावाखाली शिक्षाच दिली, एवढंच. तुमची अडचण किती मोठी आहे हे तिथे कुणी मोजत नाही, ऑर्डर काढणाऱ्याची चूक किती मोठी आहे ते मोजतात.

मग तो बदल्यांचा कायदा नेमका काय म्हणतो?

२००५ चा कायदा, लांबलचक नावाचा, बदल्यांचं विनियमन आणि दप्तर दिरंगाई असे दोन विषय एकाच कायद्यात कोंबलेत, १ जुलै २००६ पासून लागू आहे. बाकीच्या अनेक राज्यांत बदली नुसत्या धोरणावर चालते, आपल्याकडे कायदाच आहे म्हणून आपली बाजू जरा भक्कम असते.

कलम ३ म्हणजे कार्यकाल. गट अ, ब, क ला एका पदावर साधारण ३ वर्षं. गट क मधल्या मंत्रालयाबाहेरच्या लोकांना त्याच कार्यालयात दोन पूर्ण कार्यकाल, म्हणजे ६ वर्षं. स्टाफ नर्स, लॅब टेक्निशियन, एक्सरेवाले यातच येतात. इथेच लोक फसतात, ३ वर्षं झाली म्हणून घाबरतात किंवा उलट ८ वर्षं झाली तरी मला हलवता येत नाही म्हणून भांडतात.

कलम ४ म्हणजे कधी आणि कसं. बदल्या वर्षातून एकदा, एप्रिल किंवा मे महिन्यात. त्याच्या आधी, जानेवारीतच, कोणकोण बदलीस पात्र आहे त्याची यादी करायची असते. या दोन महिन्यांच्या बाहेर बदली करायची तर अपवादात्मक परिस्थिती किंवा विशेष कारण पाहिजे, ते लेखी नोंदवलेलं पाहिजे आणि एक पायरी वरच्या अधिकाऱ्याची आधी मंजुरी पाहिजे. नवीन पद तयार झालं, कुणी निवृत्त झालं, प्रमोशन झालं अशा रिकाम्या जागा भरायला मात्र वर्षभर मुभा आहे. आणि कार्यकाल पूर्ण होण्याआधी हलवायचं असेल तर कलम ४(५), तिथे पण तेच, लेखी कारण आणि आधीची मंजुरी.

“आधीची” या शब्दावर मी मुद्दाम जोर देतेय, पुढे कळेल.

मुदतपूर्व आणि मध्यावधी एकच ना?

बोलताना आपण सरमिसळ करतो पण वेगळं आहे. तुमचा कार्यकाल पूर्ण व्हायच्या आत केली ती मुदतपूर्व. एप्रिल-मे सोडून ऑगस्टमध्ये केली ती मध्यावधी. तुमची दोन्ही असू शकते आणि मग ओए मध्ये, म्हणजे मॅटमधल्या मूळ अर्जात, दोन्ही मुद्दे घ्यायचे. सरकार मध्येच बदल्यांची मुदत वाढवतं किंवा पुढे ढकलतं, कोविडच्या वर्षी तर ७ जुलै २०२० च्या जीआरने १५ टक्क्यांची मर्यादा घालून उशिरा बदल्या केल्या होत्या, त्यामुळे त्या वर्षीचा जीआर वाचल्याशिवाय “मे संपला, आता बदली बेकायदेशीर” असं म्हणू नका.

सही कुणाची पाहिजे? आमच्या ऑर्डरवर उपसंचालकांची आहे.

खाली सही कुणाचीही असू शकते, निर्णय कुणी घेतला ते बघायचं. कलम ६ मधला तक्ता उघडा. गट क साठी विभागप्रमुख, गट ब आणि खालच्या वेतनश्रेणीतले गट अ, म्हणजे आपले बहुतेक वैद्यकीय अधिकारी, त्यांच्यासाठी सचिवांशी सल्लामसलत करून खात्याचे मंत्री. आता डॉक्टरांची मुदतपूर्व बदली करायची तर एक पायरी वर म्हणजे मुख्यमंत्री. गट क ची असेल तर फाइल मंत्र्यांपर्यंत जायला हवी. खात्याने हे अधिकार लेखी आदेशाने खाली दिलेले असू शकतात, तो आदेश मागून घ्या.

शिवाय नागरी सेवा मंडळ. सुप्रीम कोर्टाच्या २०१३ च्या टी. एस. आर. सुब्रमण्यम निकालानंतर आपल्याकडे ३१ जानेवारी २०१४ च्या जीआरने ही मंडळं आली. बदलीचा प्रस्ताव मंडळापुढे जाऊन यायला हवा. मंडळाचं मिटिंगचं इतिवृत्त हा मॅटमध्ये फार मजेशीर कागद असतो, कधी त्यात तुमचं नावच नसतं, कधी मंडळाने “बदली करू नये” म्हटलेलं असतं आणि तरी ऑर्डर निघालेली असते.

मी पीएचसीला (प्राथमिक आरोग्य केंद्रात) एएनएम (आरोग्य सेविका) आहे. मॅटमध्ये जाऊ ना?

थांबा. ही सगळ्यात जास्त होणारी चूक आहे आणि यात लोकांचे पैसे आणि त्याहून वाईट म्हणजे आठवडे जातात.

एकाच पीएचसीच्या आवारात तीन वेगवेगळ्या मालकांची माणसं काम करतात हे आपल्याला रोज बघून विसरायला होतं. मेडिकल ऑफिसर राज्य सरकारचे. एएनएम, आरोग्य सेवक, आरोग्य सहाय्यिका, फार्मासिस्ट हे बहुतेक जिल्हा परिषदेचे. आणि सीएचओ (समुदाय आरोग्य अधिकारी), एनएचएमची म्हणजे राष्ट्रीय आरोग्य अभियानातली सिस्टर, डाटा ऑपरेटर कंत्राटी. डॉक्टरसाहेबांची बदली २००५ च्या कायद्याखाली, त्यांची केस मॅटमध्ये. तुमची बदली जिल्हा परिषदेच्या नियमांनी आणि १५ मे २०१४ च्या जीआरने, आणि दाद मागायची मुंबई हायकोर्टात, घटनेच्या अनुच्छेद २२६ खाली रिट याचिका. मॅट जिल्हा परिषदेच्या माणसाचं ऐकत नाही, कारण तुम्ही राज्याचे शासकीय कर्मचारी नाही.

ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला सर्किट बेंच सुरू झालंय, त्यामुळे कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी, सिंधुदुर्गवाल्यांना आता मुंबईची गाडी पकडायला लागत नाही. बाकीच्यांना मुंबई, नागपूर, छत्रपती संभाजीनगर. मॅटची खंडपीठं पण याच तीन शहरांत आहेत.

महापालिकेच्या दवाखान्यातल्या कर्मचाऱ्यांचं आणखी वेगळं, तिथे अनेकदा औद्योगिक न्यायालय कामाला येतं. १९७१ च्या कामगार कायद्यात, त्या एमआरटीयू-पीयूएलपी म्हणतात त्यात, व्यवस्थापनाच्या धोरणाच्या बुरख्याआड आकसाने केलेली बदली ही अनुचित प्रथा म्हणून लिहून ठेवलीय. केंद्र सरकारच्या दवाखान्यातले असाल तर कॅट, म्हणजे केंद्रीय प्रशासकीय न्यायाधिकरण.

आणि आम्ही कंत्राटी?

खरं सांगायचं तर तुमची बाजू दुबळी आहे. करार कुठल्या जागेसाठी झालाय ते वाचा, करारात “जिल्ह्यात कुठेही” असं असेल तर फार बोलता येत नाही. करारात एक ठिकाण आणि पाठवताहेत दुसरीकडे, तर मात्र बोला. ११ महिन्यांच्या करारात भांडणं म्हणजे काय असतं हे मला माहितीये, त्यामुळे एकटीने जाऊ नका, पाच-सहाजणी मिळून जा.

ऑर्डरमध्ये नुसतं “प्रशासकीय कारणास्तव” लिहिलंय. एवढं पुरतं?

ऑर्डरवर कारण नसलं तरी चालतं असं सरकारी वकील म्हणतील आणि ते पूर्ण चूक नाही. कारण फाइलमध्ये असायला हवं. पण फाइलमध्येसुद्धा नुसतं “विशेष बाब म्हणून” किंवा “प्रशासकीय निकड” एवढंच असेल तर मॅट आणि हायकोर्टाने अशा बऱ्याच ऑर्डरी उडवल्यात, कारण कायद्यातलेच शब्द उचलून पुन्हा लिहिणं म्हणजे कारण देणं नव्हे. आणि नंतर प्रतिज्ञापत्रात नवीन कारणं घुसडता येत नाहीत, हे १९७८ च्या मोहिंदर सिंग गिल निकालापासून पक्कं आहे, ऑर्डर काढताना जे डोक्यात होतं त्यावरच ती उभी राहायला हवी.

माझ्या दुसऱ्या केसमध्ये हेच झालं. मला त्या जागेवर १४ महिने झाले होते, सप्टेंबर महिना, गणपती उठून चार दिवस झालेले. नाइट करून सकाळी हँडओव्हर देत होते तेव्हा क्लार्कने सांगितलं सिस्टर तुमची ऑर्डर आलीय. प्रशासकीय कारण. पुढे मॅटमध्ये फाइल मागवली गेली आणि आमच्या वकिलांनी मला ती टिपणी दाखवली. अर्धं पान. वर माझं नाव, पुढे “विशेष बाब म्हणून”, शेजारी मार्जिनमध्ये एका लोकप्रतिनिधीच्या पत्राचा क्रमांक, खाली मंजुरीची निळ्या शाईतली सही आणि सहीखाली तारीख. ती तारीख ऑर्डरच्या तारखेच्या तीन दिवस नंतरची. म्हणजे ऑर्डर आधी निघाली, मंजुरी मागून घेतली! वकील काही बोलले नाहीत, फक्त त्या तारखेवर बोट ठेवलं. मला १४ महिने झाले होते, तारखा मोजायची सवय नव्हती, त्या दिवसापासून लागली.

आमदाराच्या पत्रावरून बदली झाली, ती तर उडणारच ना?

एवढ्यावर नाही. सुप्रीम कोर्टाने २००७ मध्ये मोहम्मद मसूद अहमद केसमध्ये आणि पुन्हा २०२४ मध्ये पुबी लोंबी या अरुणाचलच्या केसमध्ये सांगितलंय की लोकप्रतिनिधीने शिफारस केली म्हणून बदली आपोआप वाईट ठरत नाही, लोकांच्या तक्रारी ते मांडणारच. प्रश्न हा की खात्याने स्वतःचं डोकं लावलं की नुसतं पत्र पुढे ढकललं. माझ्या फाइलमध्ये डोकं लावल्याची खूण नव्हती आणि वर मंजुरीची तारीख चुकलेली, म्हणून जमलं. नुसतं पत्र असतं तर कदाचित नसतं जमलं.

आणि हो, स्वतःची बदली थांबवायला आमदाराचं पत्र लावून नंतर मॅटमध्ये “राजकीय दबाव” म्हणून ओरडू नका. वर्तणूक नियमांत बाहेरचं वजन आणणं हे गैरवर्तन आहे आणि समोरचे वकील ते पत्र बरोबर काढून दाखवतात.

कुणीतरी तक्रार केली म्हणून हलवलं. चौकशी पण नाही.

ही चांगली केस आहे. सोमेश तिवारी, २००९, सुप्रीम कोर्ट. निनावी तक्रारीवरून भोपाळहून थेट शिलाँगला बदली, चौकशीत तक्रारीत काही निघालं नव्हतं. कोर्टाने म्हटलं की ही शिक्षा आहे, बदली नाही. आपल्याकडे ११ फेब्रुवारी २०१५ चं सामान्य प्रशासन विभागाचं परिपत्रक आहे, नुसत्या तक्रारीवरून मध्येच बदली करू नका, आधी अहवाल मागवा, तथ्य असेल तर मगच, आणि गरज असेल तर शिस्तभंगाची कारवाई सुरू करा, असं त्याचं सार. हे परिपत्रक ओए ला जोडाच. बाळंतिणीच्या नातेवाइकाने आरडाओरडा केला, स्थानिक पेपरात बातमी आली, दुसऱ्या दिवशी सिस्टर “लोकभावना” म्हणून तालुक्याबाहेर, अशा बदल्या मी कितीतरी बघितल्यात. तुमचा खुलासा मागवला होता का, हा पहिला प्रश्न.

नवरा-बायको एकत्र हा तर हक्क आहे ना?

हक्क नाही, सवलत. १९९३ च्या एस. एल. अब्बास निकालात आहे की अधिकाऱ्याने ती सूचना लक्षात घ्यायला हवी पण तिच्यावर कोर्टात हक्क सांगता येत नाही. २०२२ च्या नौशाद रहमान निकालात सुप्रीम कोर्टाने कौटुंबिक आयुष्याबद्दल जरा बऱ्या भाषेत लिहिलंय, ते वकिलांना जरूर दाखवा, पण त्याने स्टे हमखास मिळेल असं मी सांगणार नाही. माझी पहिली केस अशीच गेली. मे महिन्यातली बदली, ६ वर्षं होऊन गेलेली, सगळं कायद्यात बसणारं, आणि मी मुलाच्या दहावीचं बोनाफाइड घेऊन उभी. दहा मिनिटांत निकाल लागला, मेंबर साहेब प्रेमाने बोलले हे खरं, पण अर्ज फेटाळला.

दिव्यांग असाल तर मात्र २०१६ च्या कायद्यात बदली-पदस्थापनेच्या धोरणाचा उल्लेख आहे, ते प्रमाणपत्र निवेदनाला आधीपासूनच जोडलेलं असू द्या.

आदिवासी भागात ३ वर्षं काढली, आता सोडतच नाहीत.

६ ऑगस्ट २००२ चा जीआर काढा. आदिवासी आणि नक्षलग्रस्त भागात काम केलेल्यांना तिथला कार्यकाल संपला की पसंतीच्या ठिकाणी नेमणूक द्यायची असं त्यात आहे. ही उलटी केस असते, बदली थांबवायची नाही तर बदली मिळवायची, आणि मॅट यात बऱ्यापैकी ऐकतं, निदान “अमुक आठवड्यात निर्णय घ्या” असं तरी सांगतं.

पण एक बोलायचंय. मेळघाटातल्या कुपोषणाच्या जनहित याचिका हायकोर्टात वर्षानुवर्षं चालल्यात आणि दर वेळी तिथे डॉक्टर का नाहीत हाच प्रश्न निघतो. तिकडे ऑर्डर निघाली की स्टे आणणारे आपलेच लोक असतात. तुमच्या जागी येणारा रिलिव्हर येत नाही कारण तो तिकडे दुसऱ्या कोर्टात उभा आहे. यावर माझ्याकडे उत्तर नाही, खात्याने ९ एप्रिल २०१८ च्या जीआरप्रमाणे समुपदेशन नीट केलं, दहा पर्याय खरंच विचारात घेतले, रिकाम्या जागांची खरी यादी लावली तर निम्म्या केसेस होणारच नाहीत असं मला वाटतं.

बदली नाही म्हणे, “तात्पुरती प्रतिनियुक्ती” आहे. तोंडीच सांगितलंय.

तोंडी जाऊ नका. नम्रपणे, “सर लेखी द्या, मी लगेच निघते” असं म्हणा आणि तेच मेसेजवर टाका. पगार इथून, काम तिथे, वर्ष वर्ष, ही मागच्या दाराची बदलीच असते. लेखी मिळालं तर मुदत किती ते बघा, मुदतच नसेल तर तोच तुमचा मुद्दा.

रिलीव्ह होऊ का? की रजा टाकून बसू?

याचं उत्तर सावकाश वाचा.

स्टे मागताना पहिला प्रश्न येतो, कार्यमुक्त झालात का? समोरचा रुजू झाला का? दोन्हीला हो असेल तर स्टे मिळणं अवघड होतं, “जैसे थे” मिळालं तरी जैसे थे म्हणजे आता तो खुर्चीत आणि तुम्ही बाहेर. म्हणून साहेब लोक संध्याकाळी साडेपाचला एकतर्फी कार्यमुक्त करतात, शुक्रवारी. तसं झालं तर त्या पत्रावर “प्राप्त, हरकत राखून, वेळ अमुक” असं लिहून सही करा आणि चार्ज दिला की नाही, वॉर्डाच्या किल्ल्या, औषधसाठा, एनडीपीएसचं (अंमली औषधांचं) रजिस्टर कुणाकडे आहे, ते लिहून ठेवा. चार्ज तुमच्याकडेच असेल तर तो मुद्दा कामाला येतो.

पण आजारपणाची रजा टाकून गायब होऊ नका. स्टे नसताना हजर न होणं म्हणजे विनापरवानगी गैरहजेरी. गुजरात वीज मंडळाचे पोशानी, सुरतेहून उकाईला बदली, निवेदनं देत राहिले आणि हजर झालेच नाहीत, १९८९ मध्ये सुप्रीम कोर्टापर्यंत जाऊन नोकरी गेली ती गेलीच. स्टे मिळत नसेल तर “न्यायालयातील हक्क अबाधित ठेवून” असं लिहून रुजू व्हा. केस त्याने संपत नाही.

खर्च, वेळ, कागद?

मॅटची फी अगदी नाममात्र, वकिलाची फी मात्र विचारून घ्या, आधीच, लेखी. मुदत कायद्याने एक वर्ष, पण बदलीत एक आठवडा सुद्धा उशीर असतो. खात्याकडे आधी दाद मागायची असते म्हणून निवेदन, आणि त्याच्या पाठोपाठ ओए. समोरच्या बाजूला न ऐकता दिलेला स्टे जास्तीत जास्त १४ दिवस टिकतो, मग तारीख. तुमच्या जागी येणाऱ्याला केसमध्ये प्रतिवादी करायला विसरू नका, आणि तो हुशार असेल तर त्याने कॅव्हेट (मला ऐकल्याशिवाय स्टे देऊ नका असा अर्ज) टाकलेलंच असतं. मॅटने नाही म्हटलं तर १९९७ च्या चंद्रकुमार निकालामुळे हायकोर्टाच्या दोन न्यायाधीशांच्या खंडपीठाकडे जाता येतं, थेट तिकडेच उडी मारता येत नाही.

माहिती अधिकारात फाइल मागा, पण ३० दिवस लागतात म्हणून त्यावर विसंबू नका, ओए मध्येच मूळ नस्ती (फाइल) हजर करायची मागणी घाला.

केस केली म्हणून नंतर त्रास देतात का?

देतात काही ठिकाणी. मला सहा महिने सलग रविवार लागले. गोपनीय अहवालात पण एक शेरा घसरला, त्यावर वेगळं निवेदन दिलं. पण त्याच साहेबांनी पुढच्या वर्षी त्यांची स्वतःची बदली झाली तेव्हा मला फोन करून विचारलं, सिस्टर, तुमचे ते वकील कोण होते हो?

आणि माझ्या जागी जी येते तिचं काय?

हा प्रश्न कुणीच विचारत नाही, मीच लिहितेय. मला स्टे मिळाला त्याच दिवशी समोरची सिस्टर सामान घेऊन हॉस्टेलच्या दारात उभी होती, कडेवर दीड वर्षाची मुलगी, तिलाही कुणी सांगितलं नव्हतं की जागा भांडणात आहे. तिची आधीची जागा भरली गेलेली, म्हणजे ती मधल्यामध्ये, पदस्थापनेच्या प्रतीक्षेत, पगार अडकलेला. ती रात्र तिने माझ्याच खोलीत काढली. सकाळी मी तिला तिच्या निवेदनाचा ड्राफ्ट करून दिला, अनिवार्य प्रतीक्षा कालावधी धरून पगार मिळावा म्हणून, आणि आवक शाखेत सोबत गेले पोच घ्यायला.